'मोझाईक'चे जुने अंक कुणाचे?

१ जानेवारी २०८५. हानेस हेगेन या जर्मन चित्रकाराचं काम त्या दिवशी स्वामित्वहक्कातून मोकळं होईल. हेगेन २०१४च्या नोव्हेंबरमध्ये बर्लिनला वारले आणि जर्मन कायद्याप्रमाणे कलाकाराच्या मृत्यूनंतर ७० वर्षं हक्क वारसांकडे राहतो. त्यांच्या 'मोझाईक' या चित्रकथांच्या मासिकाचा पहिला अंक त्या वेळच्या कम्युनिस्ट पूर्व जर्मनीत, पूर्व बर्लिनमध्ये, डिसेंबर १९५५मध्ये निघाला. तो अंक ज्या दहा वर्षांच्या पोराने विकत घेतला असेल, तो २०८५ साली १४० वर्षांचा असेल. हा हिशोबही एकट्या हेगेन यांचा. कथा लिहिणारे लोथार ड्रेगर २०१६ साली गेले. काम दोघांचं मिळून होतं असं धरलं तर तारीख आणखी दोन वर्षांनी पुढे जाते.

जुन्या मासिकांच्या डिजिटल जतनाबद्दल बोलताना आपण बहुधा स्कॅनर, सर्व्हर आणि निधी यांच्यापाशी थांबतो. ते प्रश्न खरेच आहेत, पण सुटण्यासारखे आहेत. न सुटलेला प्रश्न वेगळा आहे. लाखो मुलांनी वाचलेलं, एका अख्ख्या देशाच्या बालपणाचा भाग झालेलं मासिक त्याच्या पहिल्या वाचकांच्या हयातीत पुन्हा सलग, अंकामागून अंक, जसं छापलं होतं तसं बघायला मिळावं की नाही? माझं उत्तर स्पष्ट आहे. मिळालंच पाहिजे, आणि ती सोय करणं हे सार्वजनिक ग्रंथालयाचं काम आहे. प्रकाशकाच्या पुनर्मुद्रणावर किंवा संग्राहकांच्या हौसेवर ते सोडून देता येणार नाही.

'मोझाईक' हे उदाहरण मी मुद्दाम घेतो आहे, कारण या प्रश्नातली प्रत्येक गाठ त्याच्या इतिहासात सापडते.

युद्धानंतर पश्चिम आणि पूर्व अशा दोन देशांत विभागलेल्या जर्मनीत चित्रकथांकडे दोन्ही बाजूंचे मोठे लोक संशयाने बघत होते. पश्चिमेत १९५३ साली तरुणांना अपायकारक साहित्याविरुद्ध कायदा झाला, पुढच्याच वर्षी तपासणी मंडळ आलं. पूर्वेत १९५५च्या सप्टेंबरमध्ये अशाच अर्थाचा हुकूम निघाला आणि पश्चिमेकडची कॉमिक्स जप्त होऊ लागली. पण बर्लिनची भिंत अजून उभी राहिलेली नव्हती. पूर्वेकडची मुलं पश्चिम बर्लिनमध्ये जात, सीमेजवळच्या टपऱ्यांवरून मिकी माऊसचे अंक आणत. नुसत्या बंदीने हे थांबणार नाही हे सरकारलाही कळत होतं. मुलांना आपल्याकडचं काहीतरी द्यायला हवं होतं. हेगेन, म्हणजे मूळचे योहानेस हेगेनबार्थ, बोहेमियात जन्मलेले, नेमक्या त्याच वेळी आपली कल्पना घेऊन नोयेस लेबेन या प्रकाशनसंस्थेकडे गेले.

डिग, डाग आणि डिगेडाग हे त्यांचे तीन बुटके नायक. त्यांना ठरावीक घर नाही, आईबाप नाहीत, आणि काळाचं बंधन तर अजिबात नाही. ते प्राचीन रोममध्ये असतात, मग अंतराळात, मग मध्ययुगात. १९५७पासून मासिक दरमहा निघू लागलं. १९६० साली ते युंगे वेल्ट या प्रकाशनाकडे गेलं, म्हणजे सत्ताधारी पक्षाच्या युवक संघटनेच्याच छत्राखाली. तरीही डिगेडाग्स प्रचारक झाले नाहीत, आणि ही गोष्ट वाटते तितकी साधी नव्हती. हेगेन बर्लिनच्या कार्ल्सहोर्स्ट भागातल्या स्वतःच्या घरात काम करत. भोवती चित्रकारांचा, रंगकारांचा छोटा गट होता, पत्नी एडिथ पात्रांची रूपं घडवत आणि ड्रेगर कथा रचत. ऑफिस दूर असण्याचा फायदा त्यांनी पुरेपूर घेतला.

१९५७च्या ऑक्टोबरमध्ये स्पुटनिक आकाशात गेला. १९५८ संपता संपता डिगेडाग्सना रोममधून एका अवकाशयानाने उचललं आणि निओस नावाच्या ग्रहावर नेलं. त्या ग्रहावर दोन महासत्ता एकमेकींसमोर उभ्या ठाकलेल्या. मुलांना सगळं समजत होतं. पुढे वाफेच्या इंजिनाच्या आणि शोधांच्या गोष्टी आल्या. मग १९६४पासून रुंकेल फॉन र्‍यूबेनश्टाइन हा बढाईखोर, गरीब, पण मनाने चांगला सरदार. त्याच्याबरोबर डिगेडाग्स व्हेनिसला गेले, बिझँटियमला गेले. १९६९ ते १९७४ ते अमेरिकेत होते: मिसिसिपीवरच्या बोटी, न्यू ऑर्लिन्स, गुलामांच्या सुटकेच्या गुप्त वाटा, सोन्याचा शोध. १९६१नंतर ज्यांना आपल्याच शहराच्या पश्चिम भागात पाऊल टाकता येत नव्हतं, ती मुलं दर महिन्याला मिसिसिपीवर जाऊन येत होती. या मासिकाबद्दलचा पूर्वेकडच्या लोकांचा जिव्हाळा कुठून आला, हे समजायला एवढं पुरे.

मागणीला कधीच पुरवठा पुरला नाही. कागद वरून वाटून मिळायचा. वर्गणी पोस्टामार्फत, आणि वर्गणीदारांच्या याद्या भरलेल्या. सत्तरच्या दशकात खप साडेसहा लाखांच्या घरात होता, ऐंशीच्या दशकाअखेर दहा लाखांच्या आसपास. देशाची लोकसंख्या जेमतेम एक कोटी सत्तर लाख. तरी टपरीवर अंक येतो आणि तासाभरात संपतो, ओळखीच्या गिऱ्हाइकासाठी काउंटरखाली ठेवलेला निघतो, अशीच स्थिती. एक अंक वर्गभर फिरायचा. कोपरे दुमडत, पिना सुटत, पानं चिकटपट्टीने जोडली जात.

मग भांडण झालं. दरमहा अंक काढायचा ताण हेगेन यांना नको होता, प्रकाशकाला अंक कमी होणं मान्य नव्हतं. हेगेन बाहेर पडले आणि डिगेडाग्स त्यांच्याबरोबर गेले, कारण पात्रांवर हक्क त्यांचा होता. ड्रेगर आणि चित्रकार लोना रीटशेल यांनी नवे तिघे घडवले: आब्राक्स, ब्राबाक्स आणि कालिफाक्स. जानेवारी १९७६मध्ये हे आब्राफाक्स आले ते आजतागायत आहेत. देश गेला, युवक संघटना गेली, पूर्वेकडची बहुतेक मासिकं एकीकरणानंतर वर्षा-दोन वर्षांत संपली. १९९१ साली क्लाउस श्लायटर यांनी 'मोझाईक' हाती घेतलं, बर्लिनमधल्या एका छोट्या प्रकाशनाने ते चालू ठेवलं, आणि आब्राफाक्सचा ५००वा अंक २०१७च्या ऑगस्टमध्ये निघाला. एवढ्या उलथापालथीतून मासिक तगवणं सोपं नव्हतं. त्या प्रकाशनाबद्दल मला मनापासून आदर आहे. पुढचं सगळं म्हणणं तो आदर धरूनच आहे.

गोष्टी तर पुन्हा पुन्हा छापल्या जातात, संग्रह निघतात, मग जतन झालंच की, असं कुणी म्हणेल. इथे मला ठामपणे असहमत व्हायचं आहे. संग्रहात गोष्ट जपली जाते. मासिक त्यातून निसटतं.

जुना अंक हातात घेतला की गोष्टीखेरीज किती काय दिसतं बघा. तळाशी ६० फेनिगची किंमत. छपाईच्या परवान्याचा क्रमांक, कारण त्या देशात परवान्याशिवाय एक ओळही छापता येत नव्हती. संपादकांची नावं, आणि त्याहून बोलकं म्हणजे कुणाची नावं नाहीत ते. वर ठळक 'हानेस हेगेन यांचं मोझाईक', आणि आत ज्यांनी शेकडो पार्श्वभूमी रेखाटल्या, रंग भरले त्यांचा वर्षानुवर्षं उल्लेख नाही. कागदाची प्रत. लाल रंग रेषेबाहेर सरकलेला, कारण छपाई घाईत झालेली. साठच्या दशकात पात्रांच्या तोंडचे फुगे नाहीसे होऊन मजकूर चित्रांखाली सरळ ओळीत येऊ लागला. फुगा म्हणजे अमेरिकी कॉमिकची खूण, अशा संशयाच्या काळातला हा बदल. तो नेमका कोणत्या महिन्यापासून, एकदम की हळूहळू, मध्ये मागे-पुढे झालं का, हे सलग अंक समोर असल्याशिवाय कुणीही सांगू शकणार नाही. एका देशाच्या सांस्कृतिक धोरणाचा हा पुरावा आहे, आणि तो कुठल्याही सरकारी फायलीपेक्षा स्वच्छ आहे.

संग्रह काढताना नेमकं हेच गळतं. मुखपृष्ठ लहान होतं, परवान्याची ओळ जाते, सरकलेला रंग सुधारला जातो, कागद पांढरा होतो. यात प्रकाशकाचा दोष नाही. नव्या वाचकाला नीटस पुस्तक द्यायचं, हे त्याचं काम. पण बाजार जपतो ते लोकांना आवडलेलं. लोकांना विसरायचं आहे ते जपायला वेगळी संस्था लागते.

याचं सर्वांत बोलकं उदाहरण 'मोझाईक'चाच शेजारी आहे. 'आत्झे' हे मुलांचं चित्रमासिक १९५५मध्येच सुरू झालं आणि १९९१मध्ये बंद पडलं. त्यात युर्गेन कीझर यांचे फिक्स आणि फाक्स हे दोन उंदीर होते, यमकातल्या ओळींसह. ते पुढे पुस्तकरूपाने परत आले, लोकांनी आनंदाने घेतले. पण 'आत्झे'मध्ये उंदरांखेरीज बरंच काही होतं. फॅसिझमविरुद्ध लढलेल्या कम्युनिस्टांच्या वीरकथा, सैनिकांच्या, सीमारक्षकांच्या गोष्टी, पश्चिमेकडच्या शत्रूंची चित्रं. त्या पानांचा संग्रह कोण काढणार? कोण विकत घेणार? आणि तरीही, आठ वर्षांच्या मुलाला राज्यसत्ता नेमकं काय शिकवत होती हे समजून घ्यायचं असेल, तर उंदरांपेक्षा तीच पानं जास्त मोलाची आहेत. उंदीर आणि सीमारक्षक एकाच अंकात, एकाच पिनेने बांधलेले होते. मुलं उंदरांसाठी अंक घ्यायची आणि बाकीचं आपोआप नजरेखालून जायचं. उंदीर तेवढे वेगळे काढून ठेवले की ही सगळी यंत्रणाच अदृश्य होते.

बर्लिनच्या राज्य ग्रंथालयाने पूर्व जर्मनीतली तीन दैनिकं पूर्ण डिजिटल केली आहेत: पक्षाचं 'नोयेस डॉइचलांड', 'बर्लिनर त्साइटुंग' आणि 'नोये त्साइट'. नोंदणी केली की कुणीही त्यांतला शब्दन् शब्द शोधू शकतो. फार मोलाचं काम. पक्षाच्या मध्यवर्ती समितीचे ठराव अशा सहजतेने वाचता येतात, मग मुलांची मासिकं त्याच पंगतीला का नकोत? मुलांचं वाचन हलकं, चित्रांचं वाचन त्याहून हलकं, ही समजूत यामागे असावी असं मला वाटतं. पूर्व जर्मनीत लहान वयात राजकारण मनात कसं उतरलं हे समजायला ठरावांइतकीच ही पानं लागतील.

पूर्ण संच मोकळा केला की काय होतं, याचा पुरावा जर्मनीतच आहे. म्युनिकमध्ये कास्पार ब्राउन आणि फ्रीडरिख श्नायडर यांनी १८४०च्या दशकाच्या मध्यात 'फ्लीगेंडे ब्लेटर' हे विनोदी चित्रसाप्ताहिक सुरू केलं. ते १९४४पर्यंत चाललं, जवळजवळ शंभर वर्षं. कार्ल श्पिट्सवेग यांनी त्यात चित्रं काढली. विल्हेल्म बुश त्यातूनच पुढे आले, आणि याच प्रकाशकांनी १८६५मध्ये त्यांचं 'माक्स उंड मोरिट्स' हे दोन खोडकर पोरांच्या चित्रकथेचं पुस्तक छापलं, ज्याच्यापासून पुढे अमेरिकेतल्या वर्तमानपत्री चित्रकथांनी धडा घेतला. हायडेलबर्ग विद्यापीठाच्या ग्रंथालयाने हे साप्ताहिक स्कॅन करून सर्वांसाठी खुलं केलं आहे. पैसे नाहीत, ओळखपत्र नाही. पुण्यातल्या विद्यार्थ्यालाही ते म्युनिकच्या प्राध्यापकाइतकंच जवळ आहे.

त्यातलं एक चित्र जगभर माहीत आहे, फक्त ते इथलं आहे हे फारसं माहीत नाही. २३ ऑक्टोबर १८९२च्या अंकात एक छोटं रेखाटन आलं: एका बाजूने बघितलं तर ससा, दुसऱ्या बाजूने बदक. कुणी काढलं त्याचं नाव नाही. थोड्याच वर्षांत जोसेफ जॅस्ट्रो यांनी ते मानसशास्त्राच्या लेखनात घेतलं, आणि १९५३ साली प्रसिद्ध झालेल्या विटगेनश्टाइन यांच्या ग्रंथात ते तत्त्वज्ञानाचा विषय झालं. निवडक उत्तमांचा संग्रह काढणाऱ्या संपादकाने हे अनामिक रेखाटन निवडलं असतं का? मला शंका आहे. पान भरायला टाकलेल्या चित्राचं मोल पुढे कुणाला काय दिसेल यावर ठरतं, आणि ते आधी कुणालाच माहीत नसतं.

त्याच संचात ज्यूंची टवाळी करणारी चित्रंही आहेत. नेमस्त, घरंदाज मध्यमवर्गाच्या बैठकीच्या खोलीत वाचल्या जाणाऱ्या साप्ताहिकात ती सहज, हसत-खेळत येत. 'झिम्प्लिसिसिमुस' या दुसऱ्या म्युनिकच्या साप्ताहिकाचं तर आणखी दुःखद आहे. १८९६पासून सम्राटाची, लष्कराची, धर्मगुरूंची खिल्ली उडवणाऱ्या या पत्राचे प्रमुख चित्रकार थोमास थिओडोर हाइने ज्यू होते. १९३३मध्ये त्यांना देश सोडून पळावं लागलं आणि साप्ताहिक मात्र नव्या सत्तेच्या सुरात सूर मिसळून १९४४पर्यंत निघत राहिलं. फक्त तेजस्वी वर्षं ठेवून शेवटची अकरा गाळली असती, तर वाचकाला किती खोटं चित्र मिळालं असतं! हा संचही आज जालावर पूर्ण बघता येतो. म्हणून मी सलग संचाचा आग्रह धरतो. निवड वाचकाने करावी, अभ्यासकाने करावी. ती जतन करणाऱ्याने आधीच करून ठेवू नये.

आता कायद्याकडे येतो, कारण 'मोझाईक' आणि 'फ्लीगेंडे ब्लेटर' यांच्यातला फरक शेवटी कायद्याचा आहे. 'फ्लीगेंडे ब्लेटर'च्या बहुतेक कलाकारांच्या मृत्यूला ७० वर्षं उलटली, 'मोझाईक'च्या नाही.

जर्मन राष्ट्रीय ग्रंथालयाचं लाइपझिगमधलं घर १९१२ सालचं. पूर्व जर्मनीच्या काळातही छापलेल्या प्रत्येक गोष्टीची प्रत तिथे जमा होत असे, म्हणून कागद तिथे आहे. पण तिथून पुस्तक घरी नेता येत नाही, वाचनकक्षात बसूनच बघायचं. नाजूक कागद असेल तर तेही जपून. २०१९च्या युरोपीय निर्देशाने वारसा जपणाऱ्या संस्थांना आपल्या संग्रहातल्या कुठल्याही वस्तूची जतनासाठी प्रत काढायचा हक्क दिला. जर्मनीने २०२१मध्ये तो आपल्या कायद्यात आणला. ग्रंथालयाच्या आवारातल्या पडद्यावर ती प्रत दाखवण्याचीही सोय कायद्यात आहे. त्याहून महत्त्वाचं म्हणजे बाजारात मिळत नसलेल्या कामांसाठीची तरतूद. ग्रंथालयाने ते काम युरोपीय संघाच्या बौद्धिक संपदा कार्यालयाच्या नोंदवहीत जाहीर करायचं, सहा महिने थांबायचं आणि मग ते जालावर मांडायचं. हक्कधारक कधीही नकार देऊ शकतो.

म्हणजे दार पूर्ण बंद नाही, आणि २०८५ची वाट बघण्याचं कारणही नाही. तरतूद आहे ती वापरा, एवढंच मागणं आहे.

प्रकाशकाची बाजू इथे प्रामाणिकपणे मांडायला हवी. 'मोझाईक' जिवंत मासिक आहे. त्यावर चित्रकारांचे, लेखकांचे संसार चालतात. जुन्या मालिकांचे संग्रह विकले जातात म्हणून नव्या अंकाला आधार मिळतो. सगळं फुकट जालावर टाकलं आणि विक्री बसली, तर जुने अंक वाचवण्याच्या नादात आपण नवे अंक मारू. हा आक्षेप पोकळ नाही. सत्तर वर्षं तगलेलं मासिक जतनाच्या उत्साहात बुडालं, तर ती मोठी शोकांतिका होईल.

पण उत्तर आहे, आणि ते अंक व संग्रह यांच्या फरकातच आहे. जे पुस्तकरूपात विकलं जातं ते विकलं जाऊ दे. ग्रंथालयाने मूळ अंक मूळ रूपात, पिवळ्या कागदासह दाखवावा. झोपताना मुलाला वाचून दाखवायला कुणी तो उघडणार नाही. त्यासाठी नीटस रंगांचं पुस्तकच घेतलं जाईल. शिवाय काळाची एक मर्यादा घालता येते: अलीकडच्या तीसेक वर्षांचे अंक प्रकाशकाकडेच, त्याआधीचे सार्वजनिक, आणि दरवर्षी ही रेषा एका वर्षाने पुढे. शास्त्रीय नियतकालिकं हा मार्ग कधीपासून वापरतात. सार्वजनिक निधीतून प्रकाशकाला त्यासाठी मोबदला मिळावा, यालाही माझी पूर्ण संमती आहे. कलाकाराचा हक्क आणि वाचकाची स्मृती ही एकमेकांची शत्रू नाहीत.

आणि एक नैतिक बाजू आहे. पूर्व जर्मनीत कागद राज्याने दिला, छपाई राज्याने केली, वाटप पोस्टाने केलं. त्या मासिकाचा खर्च त्या समाजाने उचलला होता. एकीकरणानंतर ते खाजगी हातांत गेलं ते कायदेशीरच. पण मूळ गुंतवणूक ज्या लोकांची होती, त्यांना निदान बघण्याचा अधिकार उरायला हवा. हेगेन यांनी स्वतः २००९ साली आपला संग्रह लाइपझिगच्या समकालीन इतिहास संग्रहालयाला दिला. रेखाटनं, आराखडे, पात्रांचे नमुने, सगळं. आयुष्यभर मुलाखती टाळणाऱ्या, प्रसिद्धीपासून दूर राहणाऱ्या माणसाने आपली टेबलाच्या खणातली कामं सार्वजनिक संस्थेच्या हवाली केली. हे काम लोकांच्या इतिहासात बसतं हे त्यांनाही पटलं होतं, असं मी त्यावरून समजतो.

स्कॅनिंगबद्दल थोडं बोलायला हवं, कारण वाईट रीतीने केलेलं जतन पुढच्या चांगल्या जतनाच्या आड येतं. एकदा झालं म्हटलं की दुसऱ्यांदा निधी मिळत नाही. ग्रंथालयं नियतकालिकांची वर्षाची बांधणी करतात, आणि बांधणीत दोन पानांवर पसरलेलं चित्र मधोमध शिवणीत जातं. 'मोझाईक'मध्ये अशी मोठी चित्रं पुष्कळ. पिनेचा सुटा अंक सपाट उघडतो, म्हणून शक्य तिथे सुटे अंक मिळवून तेच स्कॅन करावेत, आणि यासाठी संग्राहकांची मदत मागण्यात ग्रंथालयाने कमीपणा मानू नये. रंग पडताळण्याची पट्टी पानासोबत चौकटीत ठेवावी. कागद उजळ करू नये, ठिपके पुसू नयेत. लाकडाच्या लगद्यापासून बनलेला हा स्वस्त कागद आतल्या आम्लाने वर्षागणिक ठिसूळ होतो आहे. आज दिसणारा रंग वीस वर्षांनी नसेल. म्हणून कच्ची, न सुधारलेली प्रत कायमची जपायची आणि वाचकासाठी हवी तर दुसरी काढायची. फायलीही आपोआप टिकत नाहीत. त्या वेगवेगळ्या शहरांत ठेवाव्या लागतात, ठरावीक काळाने तपासाव्या लागतात, जुना फॉरमॅट मागे पडला की नव्यात न्याव्या लागतात. हा दरवर्षीचा खर्च आहे, आणि तो एकदाच्या प्रकल्पाच्या पैशातून भागत नाही.

शोधाची अडचण वेगळीच. वर्तमानपत्राचा मजकूर यंत्र वाचतं. चित्रकथेत ते फुगे उलटसुलट जोडतं, आणि चित्रात काय आहे ते त्याला भरवशाने सांगता येत नाही. व्हेनिसचा पूल कोणत्या अंकात आला, गुलामगिरी कुठे दाखवली, हे माणसाने नोंदवावं लागतं. 'मोझाईक'च्या चाहत्यांनी हे काम स्वतःहून केलं आहे. त्यांच्या 'मोसापेडिया' या ज्ञानकोशात पात्रं, ठिकाणं, चित्रकारांचे मूळ संदर्भ यांच्या नोंदी आहेत. पगारी तज्ज्ञांना हेवा वाटावा असं हे काम. त्या नोंदी ग्रंथालयाच्या सूचीला जोडल्या, नोंद करणाऱ्यांना त्याचं श्रेय दिलं, तर वर्षानुवर्षांचे कष्ट वाचतील.

सगळंच काही स्कॅनमध्ये येत नाही हेही कबूल करायला हवं. पश्चिम जर्मनीतलं 'इप्स' १९७५पासून प्रत्येक अंकाबरोबर एक खेळणं देत असे. पाण्यात टाकले की अंड्यांतून बाहेर येणारे इवलेसे जलचर त्यांत सर्वांत प्रसिद्ध. त्या मासिकाचं नुसतं पान जपलं तर अर्धं मासिक गेलं. तिथे संग्रहालयच हवं.

आपल्याकडे या प्रश्नाचं एक ताजं रूप आहे, म्हणून थोडं विषयांतर. १९४७मध्ये मद्रासहून तेलुगू आणि तमिळमध्ये सुरू झालेलं 'चांदामामा' १९५२पासून मराठीत 'चांदोबा' म्हणून येऊ लागलं आणि पिढ्यान्‌पिढ्या घराघरात वाचलं गेलं. २०१३च्या सुमारास ते थांबलं. काही वर्षं जुने अंक कंपनीच्या संकेतस्थळावर वाचता येत होते, पुढे तेही संकेतस्थळ गेलं. व्यवसायाच्या भरवशावर ठेवलेलं जतन व्यवसायाबरोबर जातं, त्यात वाईट हेतू असावा लागत नाही. उलट बालभारतीचं 'किशोर' बघा. नोव्हेंबर १९७१पासूनचं हे मासिक सार्वजनिक संस्थेचं, त्यामुळे जुने अंक फुकट वाचायला ठेवता आले. आपल्या स्वामित्वहक्क कायद्यात २०१२च्या दुरुस्तीने ना-नफा सार्वजनिक ग्रंथालयाला स्वतःजवळच्या छापील प्रतीची डिजिटल प्रत जतनासाठी ठेवायची मुभा दिली आहे. ती वापरणारी ग्रंथालयं मात्र वाढायला हवीत.

पुन्हा जर्मनीकडे. सुरुवात 'मोझाईक'पासून व्हावी असा माझा हट्ट नाही. तिथे हक्कांची बोलणी लांबतील आणि प्रकाशकाला वेळ द्यायला हवा. सुरुवात 'आत्झे'पासून व्हावी. १९५५ ते १९९१, संच मर्यादित आहे. मासिक बंद आहे, त्यामुळे बुडेल असा धंदा नाही. उंदरांच्या पुस्तकांपुरता करार वेगळा करता येईल. बाकी अंकांसाठी नोंदवहीत सूचना द्यावी, सहा महिने थांबावं, आणि लाइपझिगच्या राष्ट्रीय ग्रंथालयाने पहिला अंक उघडावा, मुखपृष्ठापासून परवान्याच्या ओळीपर्यंत. त्या मासिकासाठी काम केलेली माणसं आज वृद्ध आहेत. कोणतं पान कुणी काढलं, कुठली चौकट वरून बदलायला लावली, हे त्यांना अजून आठवत असेल. स्कॅन समोर ठेवून त्यांना विचारायचं असेल तर ते काम याच दशकात व्हायला हवं.